काळाचे हिशेबनीस : प्रस्तावना

चांगदेव दोन होऊन गेले, पण आपल्याला त्यांतला एकच ठाऊक आहे. तापी-पूर्णेच्या संगमावरचा तो योगी, मृत्यूची घटका आली की प्राण ब्रह्मांडी चढवून बसायचा आणि काळाला रिकाम्या हाताने परत पाठवायचा. अशी काळवंचना करत तो चौदाशे वर्षे जगला, वाघावर बसून ज्ञानदेवांच्या भेटीला निघाला आणि चालती भिंत पाहून वरमला, ही गोष्ट शाळकरी पोरालाही सांगता येते. दुसरा चांगदेवही खानदेशातलाच, चाळीसगावजवळच्या पाटणचा. हा भास्कराचार्यांचा नातू आणि देवगिरीच्या सिंघण यादवाचा ज्योतिषी. आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्याने मठ काढला. त्या मठाला दिलेल्या दानाचा शके ११२८ चा, म्हणजे १२०७ च्या सुमाराचा शिलालेख पाटणला मिळाला आणि भाऊ दाजी लाडांनी तो १८६५ साली उजेडात आणला. शिलालेखाचा पुरावा असलेला चांगदेव आपण विसरलो आणि चौदाशे वर्षे जगलेला लक्षात ठेवला.

यात लोकांचा दोष नाही. काळाला फसवणाऱ्याची गोष्ट रंगते, काळ मोजणाऱ्याची रंगत नाही. तरी हे पुस्तक मोजणाऱ्यांचे आहे. पुसदला मुलांशी बोलताना मला नेहमी एकच मागणी ऐकू येते : काळावर हुकूम चालवणाऱ्या एखाद्या जादूगार पंडिताचे चरित्र सांगा. असा पंडित कल्पनेने उभा करणे अवघड नाही. पण ज्यांच्याबद्दल लोकांची खरोखर अशी समजूत होती, बादशहांनी ज्यांच्याकडे शुभ घटका विचारल्या, अशी माणसे आपल्या विदर्भातल्या घराण्यांतून निघाली होती. ती असताना कल्पनेतला पंडित कशाला?

घराणी दोन. पहिले धर्मपुरचे. टीकाकार हे गाव विदर्भदेशात, नर्मदेजवळ सांगतात. आजचा विदर्भ नर्मदेला कुठेच टेकत नाही, यावरून त्या काळी विदर्भ म्हणताना माणसाच्या डोळ्यांपुढे केवढा मुलूख असे ते कळते. तिथल्या चिंतामणी ज्योतिष्याचा मुलगा अनंत, आणि अनंताचे दोन मुलगे नीलकंठ आणि राम. दुसरे घराणे एलिचपूर प्रांतातल्या, म्हणजे आजच्या अचलपूरकडच्या, पयोष्णीकाठच्या दधिग्रामचे. पयोष्णी म्हणजे पूर्णा असे सामान्यतः मानतात. या घराण्यातला बल्लाळ, त्याचे मुलगे कृष्ण आणि रंगनाथ, आणि रंगनाथाचा मुलगा मुनीश्वर. दोन्ही घराणी काशीला गेली आणि तिथेच नावारूपाला आली. तो काळ वऱ्हाडात धामधुमीचा होता. एलिचपूरची इमादशाही १५७४ साली बुडाली, मुलूख अहमदनगरच्या निजामशाहीकडे गेला आणि १५९६ साली मोगलांकडे. विद्वानाला आश्रय हवा असेल तर त्याने उत्तरेची वाट धरावी, असे ते दिवस होते.

धाकट्या रामापासून सुरुवात करतो, कारण त्याच्याशी आपला सगळ्यांचा संबंध आलेला आहे, त्याचे नाव कधी ऐकलेले नसले तरी. शके १५२२ मध्ये, म्हणजे १६०० साली, त्याने काशीत ‘मुहूर्तचिंतामणी’ लिहिला. त्याआधी दहा वर्षे, अकबराच्या पदरी असलेल्या रामदास नावाच्या राजासाठी त्याने ‘रामविनोद’ हा पंचांग करण्याचा ग्रंथ रचला होता. हा क्रम ध्यानात ठेवावा : आधी गणित, मग मुहूर्त. ‘मुहूर्तचिंतामणी’त तेरा प्रकरणे आहेत. नक्षत्रे आणि संक्रांती आहेत, मुंज आहे, लग्न आहे, वधूचा गृहप्रवेश आहे, राज्याभिषेक आहे, घर बांधणे आहे. प्रवासाचे प्रकरण तर चांगलेच ऐसपैस आहे. सोमवारी आणि शनिवारी पूर्वेला जाऊ नये, गुरुवारी दक्षिणेला जाऊ नये, ही दिशाशूळाची कुरकुर घरातल्या म्हाताऱ्या माणसांकडून ऐकलेली असते, ती या परंपरेतली. लग्न जुळवताना छत्तीसपैकी किती गुण जमतात हे आज मोबाइलवर पाहतात. वर्णाचा एक, वश्याचे दोन, असे चढत नाडीच्या आठांपर्यंत जाणारे ते आठ कूटही या ग्रंथाच्या विवाहप्रकरणात आहेत. रामाने ते शोधून काढले असे नाही. आधीच्या ढीगभर मतांमधून निवड करून, लहान आणि पाठ करता येतील अशा श्लोकांत त्याने ते बसवले. स्वतःच त्यावर ‘प्रमिताक्षरा’ नावाची टीका लिहिली, आणि १६०३ मध्ये त्याचा पुतण्या, नीलकंठाचा मुलगा गोविंद, याने ‘पीयूषधारा’ ही मोठी टीका लिहिली. आज पोथी छापतात ती बहुधा या टीकेसह.

आपल्याकडे वैदिक घरांतून दुसरा एक मुहूर्तग्रंथही चालतो, नारायणाचा ‘मुहूर्तमार्तंड’. तोही मराठी मुलखातलाच, देवगिरीच्या उत्तरेकडल्या टापर गावात १५७१ च्या सुमारास झालेला. पण भारतभर पसरला तो रामाचा.

थोरला नीलकंठ वेगळ्या घडणीचा. तोडरमलाच्या आश्रयाने जो ‘तोडरानंद’ नावाचा महाग्रंथ झाला, त्यातला ज्योतिषाचा भाग त्याचा मानतात. त्याची खरी कीर्ती मात्र १५८७ च्या ‘ताजिकनीलकंठी’ची. ताजिक म्हणजे वर्षफळ सांगण्याची पद्धत, आणि ती इराण-अरबस्तानाकडून आपल्याकडे आलेली. नीलकंठाने हे कुठे लपवलेले नाही. त्याच्या सोळा योगांची नावे इक्कबाल, इत्थशाल, ईसराफ, कंबूल, रद्द अशी आहेत. काशीतला कर्मठ पंडित संस्कृत श्लोकांत अरबी शब्द ओवतो आणि त्याला स्वतःला त्याचे वावगे वाटत नाही. आज आपली विद्या शुद्ध आणि स्वयंभू असल्याची ग्वाही देणाऱ्यांनी ही सोळा नावे एकदा मोठ्याने म्हणून पाहावीत.

वर्षफळाचा पाया एका आकड्यावर आहे. जन्माच्या क्षणी सूर्य जिथे होता तिथे तो पुन्हा नेमका कधी येतो? उत्तर असे की वार एकने पुढे जातो आणि वर १५ घटी, ३१ पळे, ३० विपळे होतात. आपल्या घड्याळात सहा तास, बारा मिनिटे आणि वर छत्तीस सेकंद. तुमचा खरा वाढदिवस दरवर्षी इतका पुढे सरकतो. त्या क्षणाची कुंडली मांडून जे भविष्य सांगतात त्यावर माझा विश्वास नाही. पण तो क्षण काढण्यासाठी विपळापर्यंत, म्हणजे सेकंदाच्या दोन पंचमांश भागापर्यंत हिशेब धरणारा माणूस थाप मारायला बसलेला नव्हता, एवढे तरी मान्य केले पाहिजे.

त्याच १५८७ साली अकबराच्या दरबारातल्या फैजीने भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’चे फारसी भाषांतर केले. लीलावतीच्या लग्नाच्या वेळी घटिकापात्रात मोती पडला, भोक बुजले, वाटी बुडालीच नाही आणि मुहूर्त टळला, या आपल्याकडच्या सर्वांत प्रसिद्ध मुहूर्तकथेचा माग काढत गेले की तो या भाषांतरापाशी येऊन थांबतो. म्हणजे मराठी गणित्याच्या मुलीची गोष्ट आपल्याला फारसीतून मिळाली, आणि नीलकंठ अरबी योगांना संस्कृतात आणत होता तेव्हाच.

दधिग्रामच्या कृष्णाचा जीव गणितात. भास्कराच्या बीजगणितावरची त्याची ‘बीजपल्लव’ ही टीका नियम नुसते सांगून थांबत नाही, ते का खरे आहेत हे सिद्ध करत जाते. भारतीय गणितात सिद्धता नव्हती असे अजूनही कुणी म्हणत असेल तर त्याच्यापुढे ही टीका ठेवावी. याच कृष्णाने श्रीपतीच्या जातकपद्धतीवर उदाहरणे देताना जन्मपत्रिका घेतली ती अब्दुर्रहीम खानखानानची, म्हणजे दोह्यांच्या रहीमची. रहीमचा जन्म १५५६ चा. ‘खेटकौतुक’ नावाचा संस्कृत-फारसी मिश्र ज्योतिषग्रंथही त्याच्या नावावर आहे. गंमत अशी की १५९७ मध्ये गोदावरीकाठी आष्टीच्या लढाईत दख्खनी फौजांना हरवणारा मोगल सेनापती हाच. वऱ्हाडचा पंडित ज्याची पत्रिका मांडतो, तो वऱ्हाड राखायला दख्खनेत लढतो. पुढे कृष्णाला जहांगिराचा आश्रय मिळाला.

धाकट्या रंगनाथाने १६०३ मध्ये सूर्यसिद्धांतावर ‘गूढार्थप्रकाशिका’ पूर्ण केली. आजही सूर्यसिद्धांत वाचणारा बहुधा तिचा हात धरूनच वाचतो. त्याच वर्षी त्याला मुलगा झाला, मुनीश्वर. हा शाहजहानच्या काळातला. बादशहा १६२८ मध्ये तख्तावर बसला ती वेळ त्याने आपल्या ग्रंथात नोंदली आहे. १६४६ च्या ‘सिद्धांतसार्वभौम’मुळे त्याचे आणि गोदावरीकाठच्या गोळग्रामहून काशीला गेलेल्या घराण्यातल्या कमलाकराचे चांगलेच जुंपले. कमलाकराने १६५८ मध्ये ‘सिद्धांततत्त्वविवेक’ लिहून बाजू मांडली. दोघेही दक्षिणी, दोघेही काशीकर, वाद ग्रहांच्या गणिताचा आणि त्याला धार घराण्यांच्या अभिमानाची. तो वाद पुढच्या एका प्रकरणात सविस्तर आहे, म्हणून इथे सोडतो.

हे सगळे आपल्याला कळते ते मुख्यतः एका शिक्षकामुळे. शंकर बाळकृष्ण दीक्षित, दापोलीजवळच्या मुरुडचे, जन्म १८५३. शाळामास्तरकी करता करता त्यांनी गावोगावच्या पोथ्या पाहिल्या, प्रत्येक ग्रंथाचे गणित स्वतः करून तपासले आणि १८९६ मध्ये ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ हा मराठी ग्रंथ छापला. त्याच वर्षी रॉबर्ट सेवेल यांच्याबरोबर इंग्रजीत भारतीय पंचांगावरचे पुस्तकही निघाले. दोन वर्षांनी ते वारले, पंचेचाळिशीही गाठली नाही. एवढा मोठा ग्रंथ मूळ मराठीत असावा आणि मराठी घरांत तो क्वचितच दिसावा, याला काय म्हणावे? माझ्या पुस्तकाचा निम्मा ऐवज दीक्षितांचा आहे आणि हे ऋण लपवण्याचे काही कारण नाही.

चरित्र म्हणून जे हाती लागते ते मात्र फार थोडे. ही माणसे ग्रंथाच्या शेवटी आजोबांपासून आपल्यापर्यंतची वंशावळ, गावाचे नाव आणि शक सांगतात आणि थांबतात. बायको-मुलांबद्दल, काशीच्या प्रवासाबद्दल, चुकलेल्या भाकितांबद्दल चकार शब्द नाही. काळाचे विपळ टिपून ठेवणाऱ्यांनी स्वतःचे आयुष्य चार श्लोकांत उरकले. त्या रिकाम्या जागा मी संवाद रचून भरलेल्या नाहीत. कादंबरी वाचायची असेल त्याची निराशा होईल, ती होऊ द्यावी.

आता पुसदचा संबंध काय, असे कुणीही विचारील. सांगतो. या विद्येचा पहिला नियम असा की काळ ज्या त्या जागेचा असतो. उज्जैनीचा सूर्योदय एलिचपूरला चालत नाही. आपले घड्याळ साडेब्याऐंशी अंश रेखांशाचे, पुसद आहे साडेसत्त्याहत्तरच्या किंचित पुढे. अंशाला चार मिनिटे धरली तर घड्याळात बारा वाजतात तेव्हा पुसदचा सूर्य माथ्यावर यायला सरासरी वीस मिनिटे असतात. फेब्रुवारीच्या मध्यावर तो १२ वाजून ३४ मिनिटांच्या आसपास येतो, नोव्हेंबरच्या आरंभी १२ वाजून ३ मिनिटांनीच. मुंबई जवळजवळ आपल्याच अक्षांशावर, पण पश्चिमेला. तिथला सूर्योदय आपल्यापेक्षा एकोणीस मिनिटे उशिरा. घटी चोवीस मिनिटांची. म्हणजे मुंबईच्या सूर्योदयावर बेतलेला मुहूर्त पुसदला जवळजवळ घटीभर चुकतो, आणि तो तसाच्या तसा उचलून आपण पत्रिकेवर छापतो.

राहुकाळाचे तर विचारूच नये. दिवसाचे आठ भाग करून त्यातला एक टाळायचा, सोमवारी दुसरा. दिवस सहा ते सहा धरून तो साडेसात ते नऊ असा छापतात. जानेवारीत पुसदला सूर्य उगवतो तोच सातच्या सुमारास आणि दिवसाचा आठवा भाग असतो साधारण ८४ मिनिटांचा. हिशेबाने सोमवारचा राहुकाळ लागायला सव्वाआठ होतात. साडेसातपासून घरात अडून बसलेला माणूस नऊ वाजता गाडी काढतो तेव्हा, त्याच्याच शास्त्राने, तो राहुकाळात निघालेला असतो. श्रद्धा ठेवायची तर हिशेब तरी करावा.

हा हिशेब अवघडही नाही. २१ मार्चला बारा सेंटिमीटरची काडी सपाट जमिनीत उभी रोवा. पुसदला त्या दिवशी १२ वाजून २७ मिनिटांनी तिची सावली सर्वांत आखूड होईल आणि ती साधारण ४.३ सेंटिमीटर भरेल. जुन्या भाषेत ही पुसदची पलभा : बारा अंगुळांच्या शंकूला चार अंगुळे वीस व्यंगुळे. कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञाने १५२० च्या ‘ग्रहलाघवा’त नियम दिला आहे की पलभेला दहाने, आठने आणि दहाच्या तिसऱ्या हिश्श्याने गुणा, ही तीन चरखंडे. पुसदची येतात ४३, ३५ आणि १४ पळे. बेरीज ९२, म्हणजे सुमारे ३७ मिनिटे. जूनच्या सर्वांत मोठ्या दिवशी सूर्य सहाच्या आधी इतका लवकर उगवतो आणि इतकाच उशिरा मावळतो (स्थानिक काळ धरून), आणि दिवस होतो सव्वातेरा तासांचा. आजच्या त्रिकोणमितीने तोच आकडा ३६ मिनिटे येतो. एक काडी आणि तीन गुणाकार, यात एका मिनिटाची चूक. मला विचाराल तर खरी जादू ही.

फळाच्या बाजूचे काय? जयंत नारळीकर आणि नरेंद्र दाभोलकर यांच्या गटाने २००८ मध्ये महाराष्ट्रात एक चाचणी घेतली होती. हुशार आणि मतिमंद मुलांच्या पत्रिका मिसळून ज्योतिष्यांना दिल्या आणि कोणती कोणाची ते ओळखायला सांगितले. सत्तावीस ज्योतिष्यांनी प्रत्येकी चाळीस पत्रिका पाहून उत्तरे पाठवली. निकाल नाणे उडवून येतो त्याहून बरा नव्हता. रामाच्या ग्रंथाचा हा अर्धा भाग टिकत नाही, आणि त्याच्याबद्दलच्या आदरापायी ते झाकणे बरोबर नाही. पण तो ज्या गणितावर उभा होता ते टिकले, आणि आपण नेमके टिकलेले टाकून न टिकणारे जवळ केले.

लग्नसराईत हे रोज दिसते. आपल्याकडे गोरज मुहूर्ताचे अप्रूप मोठे. गाईगुरे परत येतानाची धूळ उडते ती वेळ. इतर दोष असले तरी ती चालते, अशी सोय ग्रंथांतही आहे. पत्रिकेवर ‘गोरज मुहूर्तावर सायंकाळी ६ वाजून ३५ मिनिटे’ असे मिनिटासकट छापतात. मग परण्या, म्हणजे नवरदेवाची मिरवणूक, मारुतीच्या देवळातून निघतो, डीजेपुढे नवरदेवाचे मित्र नाचत राहतात आणि अक्षता पडतात रात्री नऊला. तोवर गाई केव्हाच गोठ्यात रवंथ करत असतात. घटिकापात्र पाण्यात सोडून ते बुडण्याकडे डोळे लावून बसणाऱ्या भटजींना हे पाहवले नसते. ज्यांना मुहूर्त मानायचा नाही त्यांनी खुशाल नाचावे, माझे काही म्हणणे नाही. मानायचा असेल त्यांनी निदान नवरदेवाला वेळेवर आणावे.

शेतकऱ्याचे तसे नाही. मृग लागला की पंचांगात वाहन पाहणारा कास्तकार आमच्या पूस नदीच्या खोऱ्यात अजून आहे. सूर्याच्या नक्षत्रापासून चंद्राच्या नक्षत्रापर्यंत मोजून नवाने भागायचे, बाकीवरून वाहन : बेडूक, म्हैस, हत्ती आले तर पाऊस चांगला. तो हे पाहतो, पण पेरतो ढेकळाखालची ओल हाताने चाचपून. त्याला जादू आणि हिशेब वेगळे ठेवता येतात.

शेवटी एक विनंती. पुसद, उमरखेड, महागाव, दिग्रस, दारव्हा या भागात आजोबा-पणजोबांच्या जुन्या पोथ्या आणि हाताने लिहिलेली पंचांगे अजून काही घरांत आहेत. फडक्यात बांधलेल्या, कुणाला वाचता न येणाऱ्या. घर नवे बांधताना त्या नदीत सोडतात, पवित्र वस्तू म्हणून. तसे करू नका. शेवटचे पान आधी पाहा. तिथे बहुधा शक, गाव आणि लिहिणाऱ्याचे नाव असते. मोबाइलने त्याचा फोटो काढा आणि पोथी रामटेकच्या कविकुलगुरू कालिदास संस्कृत विश्वविद्यालयाला किंवा पुण्याच्या भांडारकर संस्थेला दाखवा. धर्मपुर आणि दधिग्राम या घराण्यांची माहिती अशाच शेवटच्या पानांवरून मिळाली आहे. तिसरे घराणे तुमच्या माळ्यावर असू शकते.